त्रिनिदाद: जहाज एकच दिवस थांबणार, भारतीय वारशाची गाईडसह सहल कशी आखावी?

जास्वंदी (प्रश्न)

नमस्कार मंडळी. जानेवारीच्या शेवटी आई-बाबांना (वय ६८ आणि ७१) घेऊन फ्लोरिडाहून कॅरिबियन क्रूझ आहे. जहाज पोर्ट ऑफ स्पेनला सकाळी ८ ला लागतं, संध्याकाळी ५ ला सुटतं. समुद्रकिनारे बाकीच्या बेटांवर होणारच आहेत, म्हणून इथे गिरमिटियांचा (करारावर नेलेल्या भारतीय मजुरांचा) इतिहास, मंदिरं, खाणंपिणं असं काही बघायचा विचार आहे. एका माहितीपत्रकात सहा तासांत सात ठिकाणं दिली आहेत: समुद्रातलं मंदिर, मोठा हनुमान, संग्रहालय, कुंभार, सव्हाना (शहरातलं मोठं मैदान), फोर्ट जॉर्ज आणि शेवटी कारोनीच्या दलदलीतले लाल पक्षी. हे जमण्यासारखं आहे का? आईचे गुडघे दुखतात, दोघंही शाकाहारी आहेत. गाईड जहाजाकडून घ्यावा की बाहेरून? क्रूझ संपल्यावर तिसऱ्या दिवशी दोघं मुंबईला परतणार आहेत.

खाडीकाठ

सात ठिकाणं सहा तासांत म्हणजे एक ना धड भाराभर चिंध्या. निम्मा दिवस गाडीत चढण्या-उतरण्यातच जाईल. शिवाय कारोनीचा कार्यक्रम तुमच्या वेळेत बसतच नाही. तिथल्या बोटी साधारण दुपारी चारला सुटतात, कारण लाल आयबिस सूर्यास्ताच्या सुमारास झाडांवर परततात आणि तेच पाहायचं असतं. चारला बोटीत बसलात तर पाचचं जहाज गेलं. पत्रकात ते लिहिलं असेल तर एक तर मजकूर मुक्कामी पाहुण्यांसाठीचा आहे, नाहीतर भर दुपारी रिकामं कांदळवन दाखवून आणतील.

मध्य त्रिनिदाद धरा. हनुमान, संग्रहालय आणि समुद्रातलं मंदिर ही तिन्ही ठिकाणं कारापिचैमा-वॉटरलू भागात, एकमेकांपासून दहा-पंधरा मिनिटांवर आहेत. बंदरापासून अंतर सुमारे ३० किलोमीटर. रस्ता आधी युराया बटलर हायवे, मग सॉलोमन होचॉय हायवे. सकाळची गर्दी शहराकडे येणारी असते आणि दुपारची शहराबाहेर पडणारी, त्यामुळे तुमची गाडी दोन्ही वेळा गर्दीच्या उलट दिशेला असेल. पाऊणेक तासात पोचता येतं.

क्रम असा ठेवा. आठला जहाज लागलं तरी धक्क्याबाहेर पडेपर्यंत साडेआठ-पावणेनऊ होतात. पहिलं ठिकाण कारापिचैमाचं दत्तात्रेय योग केंद्र, साडेनऊपर्यंत. ८५ फुटी हनुमान तिथेच आहे, २००३ मध्ये प्रतिष्ठापना झालेला. म्हैसूरच्या गणपती सच्चिदानंद स्वामींच्या परंपरेतलं हे मंदिर असल्याने बांधणी पूर्ण दाक्षिणात्य आहे. गाणगापूर-नृसिंहवाडीची सवय असलेल्यांना गाभाऱ्यात दत्त आणि बाहेर आभाळाला टेकलेला मारुती ही जोडी जरा वेगळी वाटेल. सकाळीच जायचं ते दोन कारणांसाठी. दाक्षिणात्य पद्धतीच्या मंदिरात दुपारी दर्शन बंद होतं, म्हणून नेमकी वेळ गाईडला आदल्या दिवशी विचारायला सांगा. आणि चपला काढून प्रदक्षिणा घालायची असते, दहानंतर फरशी चटके देते. जाड सुती मोजे सोबत ठेवा. गुडघे झाकणारे कपडे घाला. आत कॅमेरा काढण्याआधी विचारा. बाहेरच्या मूर्तीचे फोटो काढायला कुणाची हरकत नसते.

दुसरं, वॉटरलूमधलं इंडियन कॅरिबियन म्युझियम. २००६ मध्ये सुरू झालेलं, आकाराने लहान. जुनी भांडी, वाद्यं, छायाचित्रं, कागदपत्रं असा संग्रह आहे. तासभर पुरतो, पण तो तास गाईड बोलका असेल तरच सार्थकी लागतो. आठवड्याचे सगळे दिवस ते उघडं नसतं. सहल आखताना सर्वांत जास्त घोळ इथेच होतो: जहाज सोमवारी लागतं, गाईड 'बघू' म्हणतो आणि दाराला कुलूप. पैसे भरण्याआधी वार सांगून नक्की करून घ्या.

तिसरं, समुद्रातलं मंदिर. पारियाच्या आखातात सुमारे ५०० फूट आत, आता पक्क्या बांधानं किनाऱ्याला जोडलेलं. सिवदास साधू या ऊसमजुरानं १९४७ मध्ये साखर कंपनीच्या जमिनीवर मंदिर बांधलं. १९५२ मध्ये ते पाडलं गेलं, त्याला चौदा दिवसांची कैद आणि दंड झाला. जमिनीवर मालकी सांगता येते, समुद्रावर नाही, असं म्हणत त्यानं ओहोटीच्या वेळी चिखलात दगड आणि सिमेंट टाकून एकट्यानं भराव घालायला घेतला. पंचवीसेक वर्षं हे काम चाललं. लाटांनी झिजलेली ती वास्तू पुढे सरकारी मदतीनं उभी राहिली आणि १९९५ मध्ये, गिरमिटियांच्या आगमनाला दीडशे वर्षं झाली तेव्हा, नव्यानं खुली झाली. बांध सपाट आहे, आईंना चालायला त्रास नाही. सावली मात्र अजिबात नाही. टोपी आणि पाणी लागेलच.

शेजारीच स्मशानघाट आहे, तिथे उघड्यावर चिता पेटतात. अंत्यविधी चालू असेल तर कॅमेरा पिशवीत ठेवायचा आणि बांधाकडे शांतपणे निघून जायचं. गाईड हे आधी सांगत नाहीत आणि पाहुणे नेमके तिकडेच फोन रोखतात.

त्यानंतर जवळच्या चागुआनास शहरात जेवण, परतताना चेस व्हिलेजचे कुंभार अर्धा तास. तिथून अडीचला निघायचं म्हणजे निघायचं. सव्वातीनला शहर. वेळ उरला तर क्वीन्स पार्क सव्हानाच्या पश्चिमेच्या सात जुन्या हवेल्या गाडीतूनच बघा. फोर्ट जॉर्ज टेकडीवर आहे, यादीतून काढा.

कुळीथपिठी

वरचा क्रम बरोबर आहे, फक्त चागुआनासच्या मुख्य रस्त्याबद्दल सावध करते. हायवे मोकळा असला तरी हा रस्ता दुपारी तुंबतो. जेवण हायवेलगतच्या प्राइस प्लाझाच्या बाजूला ठेवलंत तर आत अडकायला होत नाही, आणि स्वच्छतागृहाचा प्रश्नही तिथेच सुटतो. वॉटरलूच्या किनाऱ्यावर त्या सोयीचा भरवसा धरू नका. मुख्य रस्त्यावर एकच गोष्ट बघण्यासारखी: लायन हाऊस, १९२६ ची पांढरी इमारत. व्ही. एस. नायपॉल यांच्या आजोबांनी बांधलेली. ती रस्त्यावरूनच दिसते, पाच मिनिटं बास.

आता शाकाहाराचं. डबल्स हा तिथला सकाळचा नाश्ता: हळद घातलेल्या मैद्याचे दोन मऊ तळलेले 'बारा', त्यावर काबुली चण्याची पातळ भाजी, चिंचेची चटणी, काकडी आणि मिरचीचा सॉस. अंडं नाही, दूध नाही. गाडीवर उभं राहिलं की 'स्लाइट' म्हणायचं, म्हणजे तिखट अगदी थोडं. 'मीडियम' म्हणाल तर कोल्हापूरकरांनाही घाम फुटेल, कारण ती मिरची लाल तिखटाच्या जातीची नाही, स्कॉच बॉनेटच्या कुळातली आहे. चांगल्या गाड्यांवरचा माल सकाळीच संपतो. डबल्स खायचे असतील तर ते जाताना, दुपारच्या जेवणाला नाही.

जेवणात दालपुरी मागा. पुरणपोळीसारखीच, फक्त आत गुळाऐवजी जिरं-हळद घातलेली पिवळ्या वाटाण्याची डाळ. सोबत चना-आलू, भोपळा, भाजी (ही अळूच्या जातीची पानं असतात), बैंगन चोखा (वांग्याचं भरीत). 'बस-अप-शट' म्हणजे फाडलेला पराठा, तोही चालतो. फसवे पदार्थ तीन. कालालू दिसायला निव्वळ पालेभाजी, पण त्यात खेकडा किंवा खारवलेलं डुकराचं मांस बरेचदा असतं. पेलाव म्हणजे भात खरा, पण कोंबडी घातलेला. मॅकरोनी पायमध्ये अंडं असतं. 'व्हेजिटेरियन आहे' एवढं सांगून भागत नाही, 'नो मीट, नो फिश, नो एग' असं फोड करून सांगा. काहींच्या लेखी मासे मांसात मोडत नाहीत. लसूण सगळ्यात असतो. कांदा-लसूण वर्ज्य असेल तर जहाजावरून फळं आणण्याचा विचार करू नका, शेतमाल बंदरावर अडवतात. बंद पाकिटातली बिस्किटं ठेवा.

जास्वंदी

दोघांचेही मनापासून आभार. कारोनी आणि फोर्ट जॉर्ज काढले. भरती-ओहोटीचा मंदिर बघण्यावर फरक पडतो का? आणि गाईडचं अजून ठरत नाहीये. जहाजाची सहल जवळपास दुप्पट महाग आहे.

डोलकाठी

गाईडचं आधी. जहाजाच्या सहलीचे जादा पैसे माहितीसाठी नसतात, खात्रीसाठी असतात. जहाजानेच आयोजित केलेली गाडी अडकली तर जहाज थांबतं किंवा पुढच्या सोयीची जबाबदारी घेतं. खाजगी गाडी अडकली तर जहाज सुटतं आणि पुढच्या बंदरापर्यंतचं विमान तुमच्या खर्चानं. पण जहाजाच्या सहलीत चाळीस जणांची बस असते आणि वारशाची सहल म्हणवून त्यात खरेदीचा थांबा घुसवलेला असतो. तुमचं एकच कुटुंब, आईंचे गुडघे, तीन नेमकी ठिकाणं. मी खाजगी गाडी सुचवेन, पण धक्क्यावर परत यायची वेळ सुटण्याआधी दीड तास ठेवूनच.

घड्याळाचा मुद्दा कुणी काढला नाही. त्रिनिदादमध्ये घड्याळं वर्षभर बदलत नाहीत. फ्लोरिडा आणि त्रिनिदाद उन्हाळ्यात एकाच वेळेवर असतात, पण जानेवारीत त्रिनिदाद एक तास पुढे असतं. जहाज काही वेळा फ्लोरिडाचीच वेळ पाळतं. फोन स्थानिक वेळ दाखवेल, गाईड स्थानिक वेळ बोलेल, पत्रिकेवर जहाजाची वेळ असेल. सकाळी भेटायची वेळ ठरवताना तर घोळ हमखास होतो: गाईड आठ वाजता येऊन थांबतो, पाहुणे तासाभरानं उतरतात. संदेशात 'जहाजाच्या घड्याळाने' की 'स्थानिक' हे लिहूनच ठेवा.

गाडी ओळखायची नंबरपाटीवरून. भाड्यानं प्रवासी न्यायचा परवाना असलेल्या गाडीचा क्रमांक 'एच' अक्षरानं सुरू होतो. 'पी' म्हणजे खाजगी. 'पी' गाडीतून पैसे घेऊन नेणं बेकायदा आहे आणि अपघातात विम्याचा प्रश्न उभा राहतो. स्थानिक लोक सर्रास वापरतात, तुम्ही वापरू नका. मीटर नसतात. दर माणशी की गाडीमागे, हे आधी ठरवा. अमेरिकन डॉलर सगळीकडे आनंदानं घेतात, फक्त लहान नोटा ठेवा, कारण सुटे पैसे त्रिनिदादच्या डॉलरमध्ये मिळतात (एका अमेरिकन डॉलरला बँकेत पावणेसातच्या आसपास). गुडघ्यांसाठी साधी कार मागा. 'मॅक्सी' म्हणजे मिनीबस, तिची पायरी उंच असते.

चालक आणि गाईड एकच माणूस असला तर चालेल, पण त्याला माहिती आहे का, हे फोनवर दोन प्रश्नांत कळतं. शितावरून भाताची परीक्षा. पहिला: 'फातेल रझाक कधी आलं?' उत्तर ३० मे १८४५. हे गिरमिटियांचं पहिलं जहाज, त्या दिवशी तिथे सार्वजनिक सुट्टी असते, त्यामुळे तारीख बहुतेकांना येईल. दुसरा प्रश्न खरा: 'करार संपल्यावर लोक परत का गेले नाहीत?' जाणकार गाईड पाच वर्षांचा करार, परतीच्या फुकट प्रवासासाठी बेटावर काढावी लागणारी दहा वर्षं आणि १८६९ पासून परतीच्या हक्काच्या बदल्यात मिळू लागलेली जमीन, यांवर बोलेल. नुसता चालक म्हणेल, 'त्यांना इथे आवडलं'.

गाईड हिंदी बोलेल असं समजू नका. १८४५ ते १९१७ या काळात आलेले बहुतेक लोक भोजपुरी मुलखातले होते, काही मद्रासकडचे. आज घरोघरी त्रिनिदादची इंग्रजीच आहे. मराठी गिरमिटिये शोधायचे तर मॉरिशसला जावं लागेल, इथे तो धागा जवळपास नाही. मंदिरात 'सीताराम' म्हटलंत की समोरून तेच उत्तर येईल. घरांपुढे बांबूवर रंगीत झेंडे दिसतील. त्या 'झंडी', पूजा झाल्यावर लावलेल्या. लाल झंडी हनुमानाची. तिथे विचारलं तर लोक आवडीनं सांगतात, पण कुणाच्या अंगणात शिरून फोटो काढू नका.

खाडीकाठ

भरतीचं विचारलंत ते योग्य. फरक फार पडतो. पूर्ण ओहोटीला पाणी पार मागे जातं आणि समुद्रातलं मंदिर चिखलातलं मंदिर होतं. पक्षी बघणाऱ्यांना तेच हवं असतं, चिखलावर किनारपक्ष्यांचे थवे उतरतात. पण तुमच्या फोटोत पाणी हवं असेल तर पोर्ट ऑफ स्पेनचं भरतीचं वेळापत्रक त्या तारखेला बघा आणि पूर्ण भरतीच्या आधी-नंतरचे दोनेक तास मंदिरासाठी धरा. पूर्ण भरती सकाळी दहाच्या आत असेल तर क्रम पूर्ण उलटा करू नका, हनुमान पहिला आणि लगेच मंदिर, संग्रहालय शेवटी. मंदिराचं आतलं दार बंद असण्याची शक्यता धरूनच चला. तिथे दर्शनापेक्षा बाहेरून फिरणं महत्त्वाचं आहे.

कुंभारांबद्दल एक. दिवाळीच्या आधीचे दोन महिने सोडले तर चाक चालू असेलच असं नाही. गाईडला आधी फोन करायला लावा. पणत्या कमी आचेवर भाजलेल्या, बिनझिलईच्या असतात. कडा टिचतात, म्हणून एकात एक न रचता प्रत्येक वेगळी कापडात गुंडाळा.

कुळीथपिठी

डोलकाठींशी थोडी असहमत. दोघं सत्तरीच्या आसपास आणि क्रूझ पहिलीच असेल तर जहाजाच्या सहलीचे जादा पैसे मला वाया गेलेले वाटत नाहीत. त्या सहलीत हनुमान आणि समुद्रमंदिर दोन्ही आहेत का एवढं बघा. संग्रहालय नसलं तरी चालेल. खरेदीच्या थांब्यावर आई गाडीतच बसू शकतात का, तेही विचारा.

बंदरपाटी

सगळ्यांनी सहलीचं सांगितलं, मूळ अडचण प्रश्नाच्या शेवटच्या ओळीत आहे. क्रूझनंतर तिसऱ्या दिवशी मुंबई.

भारताच्या यादीत त्रिनिदाद पीतज्वराच्या (यलो फीवर) धोक्याचा प्रदेश आहे (टोबॅगो नाही, फक्त त्रिनिदाद). तिथून निघाल्यापासून सहा दिवसांच्या आत, लसीच्या वैध प्रमाणपत्राशिवाय भारतात उतरलं तर सहा दिवसांपर्यंत विलगीकरणात ठेवू शकतात. भारतीय नागरिकांनाही हेच लागू. मध्ये अमेरिकेत थांबलात म्हणून सुटका नाही, दिवस त्रिनिदाद सोडल्यापासून मोजायचे. तुमच्या क्रूझमध्ये त्रिनिदाद कितव्या दिवशी आहे ते बघून मोजा.

लस एकच डोस, प्रमाणपत्र टोचल्यानंतर दहाव्या दिवसापासून वैध आणि आता आयुष्यभर चालतं. पिवळी पुस्तिका, त्यावर शिक्का हवा. नेहमीच्या दवाखान्यातलं साधं पत्र चालत नाही, फक्त अधिकृत केंद्राचं. पण तुमच्या बाबतीत घाई करू नका. साठीनंतर ही लस पहिल्यांदाच घेताना गंभीर दुष्परिणामांचा धोका वाढतो. अंड्याची तीव्र अॅलर्जी, प्रतिकारशक्ती दाबणारी औषधं, थायमस ग्रंथीचा आजार असेल तर लस देत नाहीत. डॉक्टरांशी बोलून ठरवा. लस नको ठरलं तर सर्वांत सोपा उपाय म्हणजे परतीचं तिकीट पुढे ढकलणं, म्हणजे त्रिनिदाद सोडल्यापासून भारतात उतरेपर्यंत सहा दिवस उलटून जातील. लस टाळण्याचं वैद्यकीय पत्र असलं तरी विमानतळावरचा आरोग्य अधिकारी काय ठरवेल, याची हमी त्यात नसते. आणि त्रिनिदादनंतर जहाज ज्या बेटांवर जाणार, त्यांतली काही हेच प्रमाणपत्र मागू शकतात. क्रूझ कंपनीला लेखी विचारा.

दुसरं, कपडे. लष्करी छाप्याचे, म्हणजे हिरव्या-तपकिरी ठिपक्यांचे कपडे तिथे नागरिकांनी वापरणं गुन्हा आहे. टोपी, पिशवी, नातवंडांची हाफपँट, सगळं त्यात आलं. धक्क्यावरच काढायला लावतात.

सुरक्षेबाबत: सरकारनं डिसेंबर २०२४ मध्ये आणि पुन्हा जुलै २०२५ मध्ये आणीबाणी जाहीर केली होती, कारण टोळीगुन्हेगारी. दिवसा, गाईडसोबत मध्य त्रिनिदादला जाण्यात सहसा अडचण येत नाही, पण अशा वेळी जहाजं बंदर वगळतात. म्हणून खाजगी गाईडला पूर्ण रक्कम आगाऊ देऊ नका. 'जहाज लागलं नाही तर पैसे परत' हे आधी लिहून घ्या.

जास्वंदी

पीतज्वराचं डोक्यातच नव्हतं! मोजलं: त्रिनिदाद सोडल्यापासून क्रूझ संपेपर्यंत तीन दिवस, आणि विमान त्यानंतर तिसऱ्या दिवशी. म्हणजे मुंबईत उतरताना सहा-सात दिवस होतात, अगदी काठावर. तिकीट तीन दिवस पुढे नेते. डॉक्टरांना विचारतेच.

बंदरपाटी

पुढे नेताय ते बरं. जहाजाच्या प्रवासपत्रिकेची छापील प्रत दोघांच्या हातसामानात ठेवा, त्रिनिदाद सोडल्याची तारीख त्यावर ठळक दिसू दे. पासपोर्टवर शिक्का नसला तर तारखेचा पुरावा तोच.